शेतातल्या डीपीचं (वीज ट्रान्सफॉर्मरचं) भाडं: कलम 57 मध्ये असं काहीही नाही

"तुमच्या शेतात डीपी किंवा पोल आहे? वीज कायदा 2003, कलम 57 नुसार दरमहा 2000 ते 5000 रुपये मिळतात. प्रत्येक शेतकऱ्यापर्यंत पोचवा." हा मेसेज कित्येक वर्षं फिरतोय आणि मी तो वाचून सोडून देत होतो. आता माझ्या मामांनी त्याच्यावर विसंबून घराचं वीजबिल भरणं थांबवलंय. "भाड्यातून वळतं होईल" म्हणतात. तालुक्याला एकाने त्यांच्याकडून छापील अर्जाचे पैसेही घेतले. लोकांच्या खिशाला हात घालणारी ही माहिती आहे, म्हणून एकदा नीट उत्तर देतो.

कलम 57 जमिनीबद्दल नाहीच. ग्राहकाला सेवा कशी द्यायची याची मानकं वीज नियामक आयोगाने ठरवायची आणि कंपनीने ती पाळली नाहीत तर बाधित माणसाला आयोगाने ठरवलेली भरपाई द्यायची, एवढंच त्यात आहे. पोल नाही, डीपी नाही, भाडं नाही, रुपयांचा आकडा तर नाहीच. कायदा इंटरनेटवर फुकट मिळतो. फॉरवर्ड करण्याआधी एक कलम वाचायला पाच मिनिटंही लागत नाहीत.

त्याच मेसेजमध्ये भाड्याच्या आजूबाजूला आणखीही दावे असतात. अर्जानंतर महिन्यात कनेक्शन? हे बरंचसं खरं आहे, पण ते कलम 43 मध्ये आहे, आणि नवी लाइन टाकावी लागणार असेल तर मुदत वाढते. जळालेली डीपी ठरावीक तासांत बदलून देणं आयोगाच्या विनियमांत आहे. स्वतःचा मीटर विकत घ्यायची मुभा कलम 55 मध्ये आहे. या खऱ्या गोष्टींच्या मध्ये भाड्याची थाप बसवली, म्हणून ती लोकांच्या गळी उतरली.

आता भाड्याचं. त्यात अर्धं सत्य आहे, ते मान्य करावंच लागेल. केंद्र सरकारचे 2006 चे 'वर्क्स ऑफ लायसेन्सीज रूल्स', म्हणजे वीज कंपन्यांच्या कामांचे नियम, आहेत, त्यातला नियम 3 बघा. खासगी जमिनीत काम करायला मालकाची किंवा वहिवाटदाराची पूर्वसंमती लागते. त्याने हरकत घेतली तर कंपनीला जिल्हाधिकाऱ्यांची किंवा पोलीस आयुक्तांची लेखी परवानगी घ्यावी लागते, आणि परवानगी देताना भरपाई किंवा वार्षिक भाडं, किंवा दोन्ही, त्यांनीच ठरवायचं असतं. म्हणजे भाडं हा शब्द कायद्यात आहे, पण ते वार्षिक, त्या जमिनीपुरतं, हरकत घेतल्यावर सुनावणी होऊन ठरणारं. महाराष्ट्रातल्या प्रत्येक पोलाला लागू असा मासिक दर कुठेही नाही.

शिवाय ज्या कंपनीला शासनाने वीज कायद्याच्या कलम 164 खाली लाइन टाकण्यासाठी टेलिग्राफ कायद्याचे अधिकार दिलेत, तिला संमतीही लागत नाही. पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2016 च्या अखेरीस हेच सांगितलं. तिथे वाद उरतो तो भरपाईचा, आणि रक्कम कमी वाटली तर जिल्हा न्यायाधीशांकडे जाता येतं. टॉवरखालच्या जमिनीच्या दुप्पट मोबदल्याची जी बातमी लोक पुरावा म्हणून दाखवतात, ती जून 2024 च्या केंद्राच्या मार्गदर्शक सूचनांची आहे. त्या 66 केव्ही (66 हजार व्होल्ट) आणि त्यावरच्या पारेषण लाइनसाठी, म्हणजे टॉवरवरून जाणाऱ्या मोठ्या लाइनसाठी आहेत. गावातल्या 11 केव्हीच्या पोलाशी त्यांचा संबंध नाही.

बिल न भरण्याचा सल्ला सगळ्यात घातक. कलम 56 खाली 15 दिवसांची नोटीस देऊन वीज तोडता येते आणि "भाडं येणं आहे" हा बचाव तिथे टिकत नाही.

मामांच्या वावरात पोलाचा ताण (पोलाला आधार देणारी तिरपी तार) बांधापासून चांगला आत रोवलाय. नांगरटीला ट्रॅक्टर त्याला वळसा घालतो आणि तारेभोवतीचा पट्टा दरवर्षी पडीक राहतो. हे खरं नुकसान आहे. विकत घेतलेल्या अर्जात मात्र ताणाचा उल्लेख नाही, गट नंबर नाही, नुकसान किती तेही नाही. नुसतं "कलम 57 नुसार मासिक भाडे" एवढंच, आणि तेही वीज कार्यालयाच्या नावाने.

तो अर्ज फाडून टाका. नियम 3 प्रमाणे पुरेसं कारण दाखवलं तर आधीच रोवलेला पोल किंवा ताण हलवायचा आदेश जिल्हाधिकारी देऊ शकतात. म्हणून अर्ज त्यांच्या नावाने करा. सोबत सातबारा, ताण कुठे आहे त्याचा हातनकाशा, फोटो आणि दरवर्षी पडीक राहणारं क्षेत्र द्या, आणि पोच घ्या. नवीन पोल येणार असेल तर खड्डा खणायच्या आधीच हरकत लेखी द्या. वायरमनला तोंडी सांगितलेलं कुठेच नोंदलं जात नाही.