‘स्कॅन केलं, काही निघालं नाही’ म्हणजे अ‍ॅप सुरक्षित नव्हे

सोयाबीनची भरपाई आणि पीएम किसानचा हप्ता, दोन्हींची वाट पाहणं सुरू असताना आमच्या दारव्हा-दिग्रस भागातल्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर एक मेसेज फिरतो आहे. बाहेरून आलेली एपीके फाइल, म्हणजे प्ले स्टोअरशिवाय थेट फोनवर अ‍ॅप बसवणारी फाइल, टाकायला भिऊ नका, असं तो सांगतो. अँटिव्हायरसने तपासा, काही निघालं नाही तर बिनधास्त टाका. ओळखीच्याने पाठवली तर तपासायचीही गरज नाही. ओटीपी सांगितला नाही तर पैसे जात नाहीत. आणि शंका आलीच तर अ‍ॅप काढून टाका, विषय संपला. यातलं एकही खरं नाही. त्यात पहिला मुद्दा सर्वांत घातक, कारण तो शहाणपणाचा वाटतो.

अँटिव्हायरस मुख्यतः आधी सापडलेल्या फाइली आणि त्यांच्यासारखं वागणाऱ्या फाइली ओळखतो. फाइल थोडी बदलली की तिचा डिजिटल ठसा बदलतो, आणि भामटे ती सतत बदलत राहतात. व्हायरसटोटल या संकेतस्थळावर सत्तरच्या आसपास अँटिव्हायरस एकाच वेळी फाइल तपासतात. तिथेही काल तयार झालेली फाइल कोरी निघू शकते. शिवाय अशा बऱ्याच अ‍ॅपांत पहिल्या फाइलमध्ये पकडण्यासारखं काही नसतंच. ती उघडली की ‘अपडेट करा’ असं बटण दाखवते आणि खरा चोर त्यानंतर उतरतो. स्कॅनमध्ये लाल खूण आली तर फाइल उडवाच. पण काहीच आलं नाही, तर त्यातून काहीच सिद्ध होत नाही.

मग पाहायचं काय? अँड्रॉइडच्या प्रत्येक अ‍ॅपवर ते बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. नाव, चित्र (आयकॉन), अशोकस्तंभ कोणीही चिकटवू शकतो. दुसऱ्याची सही करता येत नाही. फोनमध्ये खरं अ‍ॅप आधीच असेल, तर वेगळ्या सहीची फाइल त्यावर बसत नाही, फोन नकार देतो. नेमकं तेव्हाच पलीकडून सांगितलं जातं, ‘जुनं काढा, मग हे टाका.’ तिथेच थांबा. आणि ‘अपडेट’ म्हणून घेतलेल्या फाइलीने त्याच नावाचं दुसरं चित्र फोनवर आणलं, तर ते अपडेट नव्हतंच.

दुसरी खूण परवानग्यांची. लाभार्थी यादी पाहायला एसएमएस वाचायची परवानगी कशाला? अ‍ॅक्सेसिबिलिटी नावाची परवानगी मागितली तर त्याहून वाईट: मग ते अ‍ॅप स्क्रीनवरचं सगळं वाचू शकतं, तुमच्याऐवजी बटणंही दाबू शकतं. पीएम किसानची गाववार यादी तर सरकारी संकेतस्थळावरच दिसते, अ‍ॅप लागतच नाही.

प्ले स्टोअरबाहेरचं सगळंच वाईट असतं, असं मात्र मी म्हणत नाही. एफ-ड्रॉइड या दुसऱ्या अ‍ॅप-भांडारावर मुक्त स्रोताची, म्हणजे कोड सर्वांना पाहता येतो अशी, चांगली अ‍ॅप मिळतात. पण तिथे अ‍ॅप कोणाचं, कुठून आलं, हे उघड असतं. गटात पडलेल्या फाइलीला ना मालक, ना पत्ता.

“आपल्या मामानंच तं पाठवली, काय होते?” हे वाक्य मी सेवा केंद्रावर नेहमी ऐकतो. बऱ्याचदा मामाने पाठवलेली नसते. मामाच्या फोनमध्ये शिरलेलं अ‍ॅप त्यांच्या यादीतल्या सगळ्यांना स्वतःच जातं. लग्नपत्रिकेच्या नावाने फिरणाऱ्या फाइलींचं हेच. पत्रिका फोटो किंवा पीडीएफ असते. नावाच्या शेवटी एपीके असलेली फाइल पत्रिका नसते.

ओटीपीचं तर सरळ आहे. एसएमएस वाचायची परवानगी दिली, की ओटीपी तुम्ही सांगायची गरजच उरत नाही.

राहिलं काढून टाकणं. काही अ‍ॅप स्वतःचं चित्र लपवतात. सेटिंगमधल्या अ‍ॅपांच्या पूर्ण यादीत शोधावं लागतं. आणि ते काढलं तरी तोवर गेलेले मेसेज, पासवर्ड, पिन परत येत नाहीत. म्हणून आधी मोबाइल डेटा आणि वायफाय बंद करा, मग अ‍ॅप काढा. कॉल दुसरीकडे वळवले असतील तर ##००२# लावल्यावर ते रद्द होतात. बँकेचा पिन आणि पासवर्ड दुसऱ्या फोनवरून बदला. पैसे गेलेच असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर कळवा. रक्कम पुढच्या खात्यातून निघून जायच्या आत गोठवता आली तरच हाती लागते. सोमवारी बँक उघडल्यावर पाहू, असं म्हणून थांबू नका. १९३० रविवारी रात्रीही लागतो.