तेल कुठलं वापरतेस गं?

आज सकाळी लिफ्टमध्ये वरच्या काकू भेटल्या आणि दोन अनोळखी माणसं अन् एक दूधवाला यांच्यासमोर मला म्हणाल्या, "तू तेल कुठलं गं वापरतेस? ह्यांना रात्रभर नुसतं जड जड होत होतं." दूधवाल्यानं पण माझ्याकडे असं बघितलं ना, जसं काही मीच काकांना घरी बोलावून, हातपाय बांधून तळण भरवलं. मी काय बोलले ते नंतर सांगते. आधी काल काय झालं ते ऐका.

काल २० तारीख. अकाउंट्सवाल्या बाईला २० तारखेला काय असतं ते अकाउंट्सवाल्यांनाच कळेल, बाकीच्यांनी नुसतं 'जीएसटी' म्हणून उसासा टाकला तरी चालेल. नाशिकच्याच अंबडहून घरी येईपर्यंत साडेसहा वाजले, पाऊस, रेनकोटच्या आतून भिजलेली मी. नवरा आणि लेक सासूबाईंना घेऊन धुळ्याला गेलेले. म्हणजे घरात मी एकटी. हे वाक्य लिहितानासुद्धा मला बरं वाटतंय.

आणि मी ठरवलं होतं की आज फ्राइज करायचे. वरून गरम ग्रेव्ही, मधे चीज, मोठा बोल मांडीवर घेऊन, पाय सोफ्यावर, आणि कोणाला "तुला हवंय का" असं विचारायचं नाही.

हा पदार्थ मूळचा कॅनडातला, क्युबेकचा. १९५०च्या दशकात तिकडच्या गावाकडच्या खानावळींमधून सुरू झाला म्हणतात. फ्राइज, त्यावर ताज्या चीजचे गोळे आणि ब्राऊन ग्रेव्ही. ते चीज ताजं असेल तर चावताना दाताखाली चुईंचुईं वाजतं म्हणे. त्याचं खरं नाव मी आमच्या घरात घेत नाही, कारण एकदा घेतलं होतं आणि ते रशियाच्या अध्यक्षांच्या नावासारखं ऐकू येतं म्हणून नवऱ्यानं जेवण संपेपर्यंत युक्रेन समजावून सांगितलं होतं. तर आपण लोडेड फ्राइजच म्हणू.

हेच कॉलेज रोडला एका कॅफेत खाल्लं होतं. दोनशे ऐंशी रुपये. वर मेयोनीजचा डोंगर, खाली एकोणीस फ्राइज (मोजले, अकाउंट्सवाली आहे), आणि ग्रेव्ही म्हणून जे होतं ते सरळसरळ मंचुरियनमधलं उरलेलं पाणी. तेव्हाच ठरवलं, घरी करायचं.

पण घरी करायचं म्हणजे बटाट्यापासून सुरुवात. आम्ही नाशिककर कांद्याची माणसं, बटाट्याकडे आमचं पिढ्यानपिढ्या दुर्लक्ष. कांद्याला बघा, लासलगावच्या भावाची बातमी रोज टीव्हीवर, डिसेंबर २०२३ला निर्यातबंदी आली तर चांदवडला मुंबई-आग्रा हायवे अडला. बटाट्यासाठी आजवर कोणी साधी गल्ली तरी अडवलीये का इथे? भाजीवाल्याला विचारलं "फ्राइजला कुठला बरा?" तर तो म्हणाला "ताई, बटाटा म्हणजे बटाटा." मागच्या वेळी फ्रिजमधले बटाटे वापरले तर फ्राइज दोन मिनिटांत चॉकलेटी झाले, चवीला गोडुस आणि कडवट एकदमच. नंतर कळलं की थंडीत बटाट्यातल्या पिठाची साखर होते आणि तीच तेलात करपते. म्हणून या वेळी बाहेर टोपलीत ठेवलेले तीन मोठे जुने बटाटे घेतले.

मग काय, करंगळीएवढे काप, दोनदा धुतले, पाण्यात चमचाभर व्हिनेगर घालून दहा मिनिटं उकळले (व्हिनेगरनं मोडत नाहीत, बाहेरून घट्ट राहतात), पंख्याखाली फडक्यावर सुकवले, मग मध्यम तेलात एकदा तळून काढले. पांढुरके, मलूल, तापातून उठलेल्या माणसासारखे दिसतात त्या वेळी. अर्धा तास थांबायचं आणि मग कडकडीत तेलात दुसऱ्यांदा. मधल्या वेळात कढल्यात लसणाचे काप तळून झाऱ्यानं काढून ठेवले, कांदा लोण्यात अगदी तपकिरी होईस्तोवर परतला, मशरूम, मैदा, भाज्यांचं पाणी, सोया सॉस, मिरपूड. ग्रेव्ही अशी दाट आणि चकचकीत झाली की मी एकटीच ओट्यापाशी उभी राहून "वा" म्हणाले. पनीर वितळत नाही म्हणून मोझरेलाचे हातानं तुकडे केले.

दुसरं तळण झालं. फ्राइज सोनेरी, हलवले की खळखळ आवाज. आता घाई असते, ग्रेव्ही ओतल्यापासून पाच मिनिटांत खायचं, मिसळीतल्या फरसाणाचं जे होतं तेच याचं होतं. मी बोल उचलला.

बेल वाजली.

वरचे काका. हातात दुर्वांची जुडी आणि चेहऱ्यावर गेटबाहेर राहिलेल्या मुलाचा भाव. "अगं, ही नवश्या गणपतीला गेली, मी दुर्वा आणायला खाली उतरलो आणि लॅच लागला. चावी आत. तुझ्याकडे एक असते ना?" असते. पण ती काकूंनी गेल्याच आठवड्यात मोलकरणीसाठी नेली होती. "बरं मग बसतो," म्हणाले, आणि बसले.

काकांची ओळख करून द्यायला हवी. काका नाशिकरोडच्या प्रेसमधून रिटायर झालेले. प्रेस म्हटलं की नाशिककराला वर्तमानपत्र आठवत नाही, नोटा आणि स्टँप आठवतात, १९२५ पासून आहे ती. काका नोटा तपासायच्या कामावर होते. त्यामुळे कुठलीही वस्तू हातात आली की ती उजेडाला धरून बघायची, ही त्यांची सवय सुटलेली नाही. दुधाची पिशवी उजेडाला धरतात. सोसायटीची पावती धरतात. गणपतीच्या वर्गणीला मी दिलेली पाचशेची नोट धरून "चांगलीये" असं मला सर्टिफिकेट देतात, जसं काही मी घरी छापलीये.

"काय चाललंय?"

"फ्राइज, काका."

"म्हणजे बटाटाच ना?"

"हो."

"नुसता?"

"नुसता."

"मीठ?"

"अजून टाकलंच नाहीये."

त्यांचा चेहरा असा उजळला की मला तेव्हाच कळायला हवं होतं. "आज संकष्टी आहे गं. सकाळपासून दोन केळी आणि चहा. ही खिचडी करून गेलीये, पण खिचडी आत आणि मी बाहेर."

आता सांगा, काय करायचं? दोन केळ्यांवर असलेला म्हातारा माणूस समोर बसलाय, आपल्या हातात गरम बटाटे आहेत आणि बटाटा उपासाला चालतो. आपल्या धर्मात इतकं काय काय चालत नाही, पण बटाटा चालतो! मी प्लेट पुढे केली. "थोडे घ्या ना काका." थोडे. हा शब्द मी उच्चारला होता, देवाशप्पथ.

काकांनी तेल कुठलं विचारलं, मी शेंगदाण्याचं म्हटलं, ते खरंच शेंगदाण्याचं होतं. मग सैंधव आहे का विचारलं, ते पण निघालं. मग त्यांनी पहिला फ्राय उचलला आणि ट्यूबलाइटला धरला. मी वाट बघत होते की आता ते वॉटरमार्क शोधतात की काय.

"कट एकसारखा नाहीये. हा बघ जाड, हा बारीक, याचा तर कोपराच गेलाय. आमच्याकडे असा शीट आला असता ना, अख्खा रिजेक्ट."

आणि त्यांनी प्लेटमध्ये दोन ढीग करायला घेतले. डावीकडे रिजेक्ट, उजवीकडे पास. मला वाटलं की पास तेवढे खातील आणि रिजेक्ट मला परत मिळतील, आपल्याला काय, कोपरा गेलेला पण चालतो. तर नाही. रिजेक्ट ते 'हे वाया जायला नकोत' म्हणून खायचे आणि पास ते 'हे मात्र छान जमलेत' म्हणून खायचे. सुटका कुठल्याच फ्रायची नव्हती.

मधे एक क्षण मात्र आला. काका म्हणाले, "एवढे कुरकुरीत कसे गं झाले?" आणि मला मूर्खासारखं फुशारकी मारायची हुक्की आली. मी सांगितलं, व्हिनेगर घालून उकळले. काकांचा हात हवेत थांबला. प्लेट बाजूला सरकवली. "व्हिनेगर उपासाला चालतं?"

माझ्या मनात आशेचा असा काही दिवा लागला!

पण काकांनी सिन्नरला आक्काला फोन लावला. आक्का म्हणजे त्यांची थोरली बहीण, उपासाच्या बाबतीतलं त्यांचं सुप्रीम कोर्ट. स्पीकरवर.

"आक्का, व्हिनेगर चालतं का गं संकष्टीला?"

"कशाचं असतं ते?"

काका माझ्याकडे बघायला लागले. मी बाटली आणून दिली. बाटली उजेडाला धरली गेली. "सिंथेटिक लिहिलंय."

"म्हणजे कशाचं?"

काका दोन सेकंद विचारात. "म्हणजे कशाचंच नाही."

"मग चालेल की," आक्का म्हणाली, "धान्याचं नको फक्त. आणि चंद्रोदय ९ वाजून २८ला आहे, ढगात चंद्र दिसायचा नाही, कालनिर्णय बघूनच सोड." आणि प्लेट परत ओढली गेली. ज्या व्हिनेगरनं माझे फ्राइज मोडू दिले नाहीत त्याच व्हिनेगरनं मला मोडलं.

ग्रेव्हीचा वास घरभर होता, तो काकांना आलाच. "ते काय उकळतंय?" ग्रेव्ही, म्हटलं, त्यात कांदा, लसूण, मैदा. काकांनी "अरेरे" म्हणून खुर्ची चार इंच मागे घेतली आणि अतिशय कळवळून म्हणाले, "एवढे चांगले बटाटे, त्यावर हे ओतणार होतीस?"

ओतणार *होतीस*. भूतकाळ. त्यांना पण माहीत होतं.

पावणेनऊला काकू आल्या, छत्री दारातच झटकली, "चला, खिचडी गरम करते," तर काका उठत म्हणाले, "आता खिचडी नको गं, पोट भरलंय." प्लेटमध्ये लाजेकाजेचे चार फ्राइज ठेवले होते. दोन रिजेक्ट, दोन पास.

मी चारही बोलमध्ये घातले आणि त्यावर सगळी ग्रेव्ही ओतली, का नाही ओतायची, माझी आहे. पूर आला की गोदेचं पाणी पात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या कमरेला लागलं, गळ्याला लागलं असं आपण मोजतो ना, तसं मी बघत बसले. चार मारुती. दोन मिनिटांत चौघंही दिसेनासे झाले. मग सकाळच्या दोन पोळ्या गरम केल्या आणि ग्रेव्ही पोळीशी खाल्ली. मोझरेला पोळीला चिकटून लांब लांब तारा निघत होत्या, तशात नवऱ्याचा फोन. सगळं सांगितलं. मला वाटलं हसेल तरी. तर म्हणाला, "पण एवढं तेलकट एकटीसाठी करायचंच कशाला?"

म्हणजे बघा. घरात पाहुणे असते आणि त्यांच्यासाठी मी तीन तास तळत बसले असते तर "सुगरण". लेकीसाठी केलं असतं तर "आई गं, किती करतेस". स्वतःसाठी केलं की लगेच तेल आठवतं. तो दर रविवारी मित्रांबरोबर मिसळीला जातो, त्या तर्रीतलं तेल कोणी मोजतं का? आणि मी विचारलं तरी उत्तर काय, तर "अगं ते ग्रुपबरोबर असतं." बाई एकटी बसून आवडीचं खातेय, हे दृश्य कोणाला बघवतच नाही बहुतेक. दर वेळी कोणीतरी दुर्वा घेऊन दारात हजर.

रात्री भांडी घासताना झारा हातात आला आणि मी थांबले. आधी लसूण काढला तो झारा आणि नंतर फ्राइज काढले तो झारा. घरात झारा एकच आहे आमच्या. मधे धुतला होता का? मी बराच वेळ आठवून पाहिलं.

तर लिफ्ट. तळमजला आला, दार उघडलं, काकू अजून उत्तराची वाट बघत उभ्या. मी म्हटलं, "शेंगदाण्याचं, काकू. एकदम नवीन पिशवी फोडली होती."

झाऱ्याचं त्यांनी विचारलं नाही.