हप्ता म्हणजे बचत? जुळे सोलापुरातल्या एका फ्लॅटचा हिशेब

आमच्या घरच्या ग्रुपवर तो मेसेज गेल्या महिन्यात तिसऱ्यांदा आला. या वेळी भाच्याने टाकला होता आणि खाली विचारलं होतं, ‘मामा, बरोबर आहे ना?’ तुमच्याकडेही तो आलाच असेल. मजकूर साधारण असा:

‘भाडं म्हणजे पाण्यात टाकलेला पैसा. हप्ता म्हणजे स्वतःच्या घरातली बचत. ३० लाखांचं कर्ज, हप्ता फक्त २६ हजार. २० वर्षांनी घर तुमचं, आणि तेही एक कोटीचं! शिवाय टॅक्स वाचतो. घराची किंमत कधीच उतरत नाही. बँक जवळजवळ फुकटात घर देते आणि आपण भाडं भरत बसतो.’

मी एका बँकेच्या कर्ज विभागात बरीच वर्षं काढली आहेत. टेबलाच्या पलीकडे बसलेल्या माणसाचं लक्ष हप्त्याच्या आकड्यावर असतं, बाकीची पानं तो सहीपुरती उलटतो, हे मी रोज पाहिलंय. या मेसेजमधला एकच आकडा खरा आहे, तो म्हणजे २६ हजार. साडेआठ टक्क्यांनी, २० वर्षांसाठी, ३० लाखांचा हप्ता २६,०३५ रुपये येतो. बाकी सगळं तपासून घ्यावं लागेल.

भाचा जुळे सोलापुरात दोन बेडरूमचा ३८ लाखांचा फ्लॅट बघून आलाय. सध्या तो विजापूर रोडला तसल्याच फ्लॅटमध्ये ११ हजार भाड्याने राहतो. हेच आकडे घेऊन बसू. तुमचे वेगळे असतील तर ते घाला, रीत तीच राहील.

‘हप्ता म्हणजे बचत.’ पहिल्या महिन्याच्या २६,०३५ रुपयांतले २१,२५० व्याजात जातात आणि मुद्दलात फक्त ४,७८५ जमा होतात. म्हणजे ‘बचत’ झालीच तर ती पावणेपाच हजारांची. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला शिल्लक सगळ्यात मोठी असते, म्हणून असं होतं. बँक यात काही लबाडी करत नाही, ते गणितच तसं आहे. पण त्याचा परिणाम बघा. पाच वर्षांत भाचा १५ लाख ६२ हजार रुपये भरेल आणि कर्ज ३० लाखांवरून २६ लाख ४४ हजारांवर येईल. बाराएक लाख व्याजात गेले, फिटले साडेतीन लाख. निम्मं कर्ज, म्हणजे १५ लाख, फिटायला दहा वर्षं लागतील असं सगळ्यांना वाटतं. लागतात पावणेचौदा वर्षांहून जास्त.

माझ्या टेबलावर येऊन लोक चिडायचे ते याच ठिकाणी. ‘सहा वर्षं भरतोय साहेब, कर्ज हललंच नाही!’ परतफेडीचा तक्ता त्यांना पहिल्याच दिवशी दिलेला असायचा. तो बहुधा कपाटात, लग्नपत्रिकांच्या गठ्ठ्याखाली.

‘भाडं पाण्यात जातं.’ जातं, मान्य. पण व्याज कुठे जातं? दुसऱ्याच्या घरात राहण्याचं भाडं जसं असतं, तसं दुसऱ्याचा पैसा वापरण्याचंही असतं, त्यालाच आपण व्याज म्हणतो. तेव्हा पाण्याची तुलना पाण्याशीच करायला हवी. पहिल्या वर्षी भाच्याचं भाडं होतं १ लाख ३२ हजार. कर्ज घेतलं तर पहिल्या वर्षाचं नुसतं व्याज २ लाख ५३ हजार. त्यात स्वतःचे घातलेले पैसे मिळवा. आठ लाख बिल्डरला; सहा टक्के मुद्रांक शुल्क, म्हणजे २ लाख २८ हजार; आणि नोंदणी फी ३० हजार. एकूण १० लाख ५८ हजार. हीच रक्कम साडेसहा टक्क्यांनी मुदत ठेवीत असती तर वर्षाला ६८-६९ हजार व्याज आलं असतं, तेही गेलं. म्हणजे पहिल्या वर्षी भाड्यात सव्वा लाखाच्या वर पाण्यात, आणि घर घेऊन तीन लाख वीस हजारांच्या वर. सोसायटीचा मेंटेनन्स, महापालिकेचा घरपट्टीचा कागद आणि उन्हाळ्यात मागवाव्या लागणाऱ्या टँकरचा वाटा मी अजून धरलेलाच नाही. सोलापुरात नळाला पाणी कधी येतं हे सोलापूरकराला सांगायला नको.

आता दुसरी बाजूही सांगतो, नाहीतर मीही मेसेजवाल्यासारखाच. भाडं दरवर्षी वाढतं. पाच टक्क्यांनी वाढलं असं धरा. व्याजाचा भाग मात्र दरवर्षी घटतो. दोन्ही रेषा नवव्या वर्षी भेटतात: त्या वर्षाचं भाडं १ लाख ९५ हजार आणि त्या वर्षाचं व्याजही १ लाख ९५ हजार. तिथून पुढे घर घेणाऱ्याचं पारडं जड होत जातं. म्हणून कर्ज घेऊन चार-पाच वर्षांत घर विकणारा माणूस बहुतेक वेळा भाड्याने राहणाऱ्यापेक्षा मागे पडतो, आणि त्याच घरात पंधरा-वीस वर्षं राहणारा पुढे जातो. सोलापूरच्या माणसासाठी हा मुद्दा नुसत्या कागदावरचा नाही. मुलगा पुण्याला नोकरीला लागतो, दर शनिवारी हुतात्मा एक्सप्रेसने येतो, मग येणं कमी होतं आणि एक दिवस फ्लॅट विकायला निघतो. भाच्याला मी पहिला प्रश्न हाच विचारला: दहा वर्षं इथेच राहशील का? त्याने उत्तर दिलं नाही. बायकोकडे बघितलं.

‘हप्ता फक्त २६ हजार.’ हा ‘फक्त’ आज आहे, उद्याचा भरवसा नाही. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जं रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो दर) बाहेरच्या दराला बांधलेली आहेत. रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. २०२१ मध्ये ६.७ टक्क्यांनी ३० लाख घेणाऱ्याचा हप्ता होता २२,७२२. सोपेपणासाठी सगळी वाढ दीड वर्षाने एकदम लागली असं धरू. तेव्हा त्याची शिल्लक होती २८ लाख ८७ हजार. ९.२ टक्क्यांनी तिचं महिन्याचं व्याज झालं सुमारे २२,१३५. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जाणार सहाशे रुपयेही नाहीत. या वेगाने कर्ज फिटायला आणखी चाळीस वर्षं लागतील. अर्थात बँक चाळीस वर्षं देत नाही. मुदत निवृत्तीच्या वयापाशी जाऊन अडते आणि मग हप्ता वाढवावाच लागतो. पण मधल्या काळात अनेकांच्या खात्यात हप्ता तोच राहिला, मुदत तेवढी लांबली, आणि त्यांना पत्ताही नव्हता. खात्यातून जाणारी रक्कम बदलत नाही ना, मग कोण बघतं?

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम आणला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, हे कर्जदाराला विचारायला हवं. स्थिर दराकडे जाण्याचा पर्यायही तेव्हा सक्तीचा होता; ऑक्टोबर २०२५ पासून तो देणं बँकेच्या मर्जीवर आहे. २०२५ मध्ये रेपो चार वेळा मिळून सव्वा टक्का उतरला. मग आता उलटं तपासा. २०२३ मध्ये लांबलेली तुमची मुदत आखडली का? आणि आज नव्या ग्राहकाला तुमची बँक किती दराने देते? नव्याला कमी आणि जुन्याला जास्त, असा फरक सर्रास असतो. एक अर्ज आणि थोडी फी भरून दर बदलून मिळतो, पण मागितल्याशिवाय कोणी देत नाही. हे मी टेबलाच्या अलीकडून सांगतोय.

‘टॅक्स वाचतो.’ जुन्या करप्रणालीत वाचतो. स्वतः राहत असलेल्या घरावर व्याजाची वजावट वर्षाला जास्तीत जास्त दोन लाख. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे, सेस धरून, ४१,६०० रुपये वाचतात. पण त्यासाठी पहिल्या वर्षी २ लाख ५३ हजार व्याज भरावं लागतं. मुद्दल बचतीवरच्या वजावटीच्या (८०सी) दीड लाखात बसतं, पण पीएफ, विमा आणि मुलांची फी यांनी तो डबा आधीच भरलेला असतो. आणि नवीन करप्रणालीत, जी आता आपोआप लागू होते, राहत्या घरासाठी यातलं काहीच मिळत नाही. भाच्याचा पगार बारा लाखांच्या आत आहे. नवीन प्रणालीत त्याला तसाही कर भरावा लागत नाही. म्हणजे मेसेजमधल्या या वाक्याचा त्याच्यापुरता अर्थ शून्य.

‘२० वर्षांनी घर एक कोटीचं.’ ऐकायला जबरदस्त. ३८ लाखांचे वीस वर्षांत एक कोटी म्हणजे वर्षाला पाच टक्के वाढ, आणि कर्ज मात्र साडेआठने. शिवाय वीस वर्षांनी इमारतही वीस वर्षांची होते: लिफ्ट बदला, गच्ची गळते, पाइप सडतात. ‘किंमत कधीच उतरत नाही’ याला माझं उत्तर इतकंच की विकायला काढून बघा. बोर्डावरचा भाव आणि हातात पडणारा भाव यांत तीन महिने, दोन एजंट आणि एक नाराज मेहुणा असतो. जमिनीचं वेगळं, पण फ्लॅटमध्ये तुमच्या वाट्याला जमीन येते किती?

‘बँक फुकटात घर देते.’ यावर जास्त लिहीत नाही. फक्त एक गोष्ट. कर्ज मंजूर होताना विम्याची पॉलिसी पुढे सरकवली जाते आणि तिचा एकरकमी प्रीमियम कर्जातच मिसळला जातो. एक लाखाचा प्रीमियम असा मिसळला की वीस वर्षांत तो २ लाख ८ हजारांना पडतो. विमा हवाच. विशेषतः या गावात, जिथे लक्ष्मी-विष्णू आणि नरसिंग गिरजी या गिरण्यांचे भोंगे बंद होताना आपण ऐकलेत, तिथे वीस वर्षांचा पगार गृहीत धरायचा नसतो. पण साधा टर्म विमा बाहेरून वेगळा घ्या. तो बँकेकडूनच घेण्याची सक्ती नाही.

हे सगळं मी ग्रुपवर टाकलं तर पुतण्याने लगेच दुसरा मेसेज चिकटवला: ‘३० लाख घेता, ६२ लाख भरता, बँका लुटतात, घर घेऊच नका!’ हाही तितकाच अर्धवट. वीस वर्षांची बेरीज ६२ लाख ४८ हजार होते हे खरं. पण आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एका पिशवीत घालून बेरीज करता येत नाही. महागाई पाच टक्के धरली तर शेवटचा २६ हजारांचा हप्ता आजच्या सुमारे ९,८०० रुपयांइतका जड वाटेल. तोवर पगार वाढलेला असतो. आणि भाड्याने राहून उरलेले पैसे दरमहा शिस्तीत गुंतवणारी माणसं मी हाताच्या बोटांवर मोजू शकतो. बहुतेकांचे ते पैसे दुचाकीच्या नव्या मॉडेलमध्ये जातात.

भाच्याने शेवटी विचारलं, ‘मग मामा, घेऊ की नको?’ मी म्हटलं, दहा वर्षं इथे राहणार असशील तर घे, पण मेसेजच्या हिशेबाने नको. दिवाळीचा बोनस मिळतो ना? वर्षाला एक जादा हप्ता भर आणि बँकेला लेखी सांग की हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा. असं केलं तर हेच कर्ज मुदतीच्या तीनहून जास्त वर्षं आधी फिटतं आणि सहा लाखांहून जास्त व्याज वाचतं. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले म्हणून बँकेला दंड लावता येत नाही, २०१२ पासून. हे पैसे पहिल्या आठ-दहा वर्षांत भरण्यात अर्थ आहे, शेवटच्या तीनमध्ये फार नाही. तोवर व्याज बहुतेक भरून झालेलं असतं. फ्लॅट बायकोच्या नावावर घेतलास तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, म्हणजे ३८ हजार. आणि बांधकाम चालू असलेला घेऊ नकोस, पूर्णत्वाचा दाखला मिळालेला घे. जीएसटीही लागत नाही आणि भाडं व हप्ता एकाच वेळी भरण्याची पाळी येत नाही.

‘आणि वीस वर्षांनी घर माझं?’

कर्ज संपलं की मूळ कागद ३० दिवसांत परत मिळायला हवेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे. ते कागद घेऊन फ्लॅटवर नोंदलेला बँकेचा बोजा उतरवून आण आणि तो उतरला का ते नीट बघ. मी निवृत्त झालो तेव्हा आमच्या शाखेच्या कपाटात फिटलेल्या कर्जांच्या बऱ्याच फायली पडून होत्या, न्यायला कोणीच आलं नव्हतं.