बेरीज बरोबर आली म्हणे

आज २०२५ ची खंडेनवमी. उद्याच्या तोरणासाठी झेंडू आणायला सकाळी नाशिकच्या रविवार कारंजावर गेले, तर मावशींच्या टोपलीतली निम्मी फुलं काळी पडलेली. "पावसानं सडली ताई, यातलीच निवडून घ्या." घेतली. रिक्षात बसून मोबाइल उघडला आणि पहिलीच बातमी: हवामान खात्याचा अंदाज अचूक, देशात सरासरीच्या १०८ टक्के पाऊस. खाली टाळ्या. आणि कुणीतरी लिहिलेलं, 'बळीराजा सुखावला'.

डोकं फिरलं. म्हणून लिहितेय. लांबणार आहे, आधीच सांगते.

सुखावला? कुठला बळीराजा? रविवारी गोदेला पूर आला तेव्हा अर्धं नाशिक नदीतल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला पाणी कुठवर लागलं ते बघायला पुलावर उभं होतं. हीच गोदा पुढे ज्या मराठवाड्यात जाते तिथे सप्टेंबरात काय झालं ते आपण सगळ्यांनी पाहिलंय. सोयाबीन पाण्याखाली, गोठ्यातली जनावरं वाहून गेलेली, कित्येकांच्या रानातली मातीच खरवडून गेली. आणि तिकडे पूर्व आणि ईशान्य भारतात, जिथे पाऊस कमी पडला हीच बातमी व्हावी, तिथे वीस टक्के तूट. हे सगळं एका भांड्यात ओतलं, ढवळलं, मोजलं. ९३७ मिलिमीटर. दीर्घकालीन सरासरी ८६९. झाले १०८ टक्के. मे महिन्यात खात्यानं १०६ सांगितलं होतं, चार टक्के इकडेतिकडे धरून. बसलं बरोबर. पास.

मी भूगोल शिकवते. वर्गाची सरासरी साठ आली म्हणून नापास झालेल्या पोराच्या घरी कुणी पेढे वाटत नाही.

माझं माहेर येवला तालुक्यात आहे हे इथल्या बऱ्याच जणांना माहीत आहे. धाकटा भाऊ शेती बघतो. मका, लाल कांदा, दोन गाई, एक शेततळं. २०२३ ची गोष्ट. त्या वर्षी एप्रिलमध्ये बातमी आली, एल निनो (पॅसिफिक महासागराचं पाणी तापणं, त्यानं आपला पाऊस बहुधा घटतो) असला तरी ९६ टक्के पाऊस, म्हणजे सरासरीइतका. मे अखेरीस पुन्हा तेच, ९६. भाऊ एरवी थोडी बाजरी, थोडे मूग, उरलेल्यात मका असं करतो, आजोबांपासूनची सवय. त्या वर्षी म्हणाला, सरासरीइतका आहे ना, मग सगळा मकाच टाकू, कोंबडी खाद्यवाल्यांची मागणी चांगली आहे. टाकला. जुलैत पीक बरं होतं. ऑगस्टमध्ये मका तुऱ्यावर आला आणि पाऊस गेला. गेला तो गेलाच. १९०१ पासूनचा सगळ्यात कोरडा ऑगस्ट होता तो देशातला. कणसं भरलीच नाहीत. शेवटी उभा मका तोडून गाईंपुढे टाकला.

पोळ्याला मी माहेरी गेले होते तेव्हा बांधावर उभं राहून त्यानं मला विचारलं, "ताई, हा शहाण्णव टक्के पडतो तरी कुठं गं?"

भूगोलाच्या बाईंना विचारलेला प्रश्न. उत्तर माहीत होतं आणि तोंडातून निघालं नाही. कारण उत्तर असं आहे: कुठेच पडत नाही. तो कागदावर पडतो. खातं आपला देश चार खणांत वाटतं आणि त्यातल्या मध्य भारत नावाच्या खणात आपला महाराष्ट्र आहे, गुजरात आहे, मध्य प्रदेश, छत्तीसगड आहे आणि पार ओडिशाही आहे. भुवनेश्वरला धो धो पडला तर येवल्याचा खण भरतो. अहो, आपला एक जिल्हा घ्या ना. इगतपुरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पडतो आणि येवल्यात जेमतेम पाचशे. याची सरासरी काढून कुणाला काय सांगणार आहात?

त्या वर्षी हंगाम संपला ९४ टक्क्यांवर. ९६ उणे चार, अधिक चार. म्हणजे तोही अंदाज बरोबर! आणि महिन्याभरात सरकारनं ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला, त्यात आपल्या जिल्ह्यातले येवला, सिन्नर आणि मालेगाव. अंदाज पास आणि तालुका दुष्काळात, एकाच वर्षी. यात कुणाला काही खटकत नाही?

आता याच्या पुढचं खरं चीड आणणारं आहे. मी नंतर बसून त्या एप्रिलचं मूळ पत्रक काढून वाचलं. त्यात एक तक्ता होता. पाऊस सरासरीइतका होण्याची शक्यता ३५ टक्के. सरासरीपेक्षा कमी, २९. अपुरा, म्हणजे ९० टक्क्यांच्याही खाली, २२. म्हणजे कमी किंवा अपुरा मिळून ५१! खात्यानं स्वतःच लिहून ठेवलं होतं की यंदा पाऊस कमी पडायची शक्यता निम्म्याहून जास्त आहे. आणि सरासरीइतका पाऊस होण्याची शक्यता कुठल्याही वर्षी ३३ टक्के असतेच, त्या वर्षी ३५ होती. एवढ्या दोन टक्क्यांवर मथळा झाला 'यंदा समाधानकारक पाऊस'. माझ्या भावाला तो तक्ता कुणीच दाखवला नाही. ना टीव्हीनं, ना पेपरनं, ना कृषी सेवा केंद्रवाल्यानं, ज्यानं त्याच मथळ्याची झेरॉक्स काउंटरवर चिकटवून मक्याच्या पिशव्या खपवल्या. तो तक्ता दिसला असता तर दोन बिघे बाजरी नक्की राहिली असती. बाजरी ऑगस्टचा तो खंड काढते हो, मका नाही काढत.

(मान्य, त्याला तरी मागे कुणी लागलं नव्हतं सगळा मका टाक म्हणून. पण सरासरीइतका म्हटल्यावर माणूस काय समजणार?)

चहा घेऊन आले. जरा शांत झाले.

खात्याला नुसत्या शिव्या घालायला मी बसलेली नाही. ते काम आमच्या कॉलनीच्या ग्रुपवर बारमाही चालू असतं, 'खात्यानं पाऊस सांगितला, कपडे वाळत घाला' वगैरे. मला ते विनोद आवडत नाहीत. चार महिन्यांच्या पावसाबद्दल एप्रिलमध्ये काही म्हणजे काहीही सांगता येणं हीच मुळात नवलाची गोष्ट आहे. दहा-बारा दिवसांपलीकडचं रोजचं हवामान जगात कुणाला सांगता येत नाही, वातावरण तेवढं लहरी आहे. पण समुद्र सावकाश तापतो आणि सावकाश निवतो. पॅसिफिकचं विषुववृत्ताजवळचं पाणी तापलं की आपला मान्सून बहुतेक वेळा मार खातो. बहुतेक वेळा, नेहमी नाही. १९९७ ला एल निनो चांगला दणकट होता आणि आपल्याकडे पाऊस सरासरीला धरून झाला. पूर्वी १८८६ साली खात्याचे पहिले प्रमुख ब्लॅनफर्डसाहेब यांनी हिमालयातल्या बर्फावरून पहिला अधिकृत अंदाज काढला, तेव्हापासून ही खटपट चालू आहे. आपले शास्त्रज्ञ वसंतराव गोवारीकर यांच्या सोळा घटकांच्या गणिती मॉडेलनं १९८८ पासून बरीच वर्षं साथ दिली आणि २००२ ला दगा दिला. १०१ सांगितला होता, झाला ८१. जुलैत निम्माच पाऊस झाला होता. त्यानंतर खात्यानं मॉडेल बदललं, परत बदललं. आता महासंगणकांवर समुद्र आणि वातावरण एकत्र धरून अनेक मॉडेलं चालवतात, प्रत्येकाला सुरुवात जराशी वेगळी देऊन पुन्हा पुन्हा. प्रत्येक वेळी उत्तर थोडं वेगळं येतं. कुठे ८८, कुठे १०३. आणि हा जो पसारा येतो ना, तोच खरा अंदाज. त्याच्या मधोमधचा एक आकडा उचलला की उरलेलं शास्त्र गेलं कचऱ्यात.

ही माणसं प्रामाणिक आहेत. पण पत्रकात पहिल्या ओळीत टक्का आणि तक्ता खाली, हे त्यांनीच करायचं आणि मग पत्रकारांना दोष द्यायचा, हे पण चालायचं नाही.

मग पोकळी भरतात यूट्यूबवाले. भावाच्या मोबाइलवर रोज एक जण असतो. तारीख सांगतो, तालुका सांगतो, कधी कधी नदीच्या अलीकडे की पलीकडे तेही सांगतो. एवढ्या आधी हे कुणालाच कळू शकत नाही, पण तो बोलतो आपल्या भाषेत, पेरणी, वापसा, फवारणी असं. त्या बाबतीत खात्यानं त्याच्याकडे शिकवणी लावायला हरकत नाही, एवढं मी मनाविरुद्ध कबूल करते. बाकी, नक्षत्राचं वाहन बेडूक आहे की गाढव हे बघणारे आमचे काका निदान "देवाची मर्जी" तरी म्हणतात. यूट्यूबवाला तेही म्हणत नाही.

अजून एक गोष्ट राहिली, ती लिहिल्याशिवाय मला झोप लागायची नाही. या वर्षीचा मे! केरळात मान्सून २४ मेला आला, मुंबईत २६ ला. त्याच्या आधीपासून आपल्याकडे वळीव झोडपत होता. काढून शेतात पडलेला उन्हाळ कांदा जागेवर भिजला, कांदाचाळीत साठवला तो आतून सडला. माझ्या भावाचाही. आणि हा पाऊस १०८ टक्क्यांत कुठे आहे? नाही. हंगाम १ जूनला सुरू होतो आणि ३० सप्टेंबरला संपतो, त्याच्या अलीकडचा-पलीकडचा पाऊस त्या हिशेबात धरत नाहीत. २०२३ च्या नोव्हेंबरात निफाडला द्राक्षांवर गारा पडल्या, त्याही नाहीत. दोनदा मार खाल्लेल्या माणसाला दोन्ही वेळा सांगायचं, की हंगाम अंदाजाप्रमाणे गेला. वा.

आपल्याला वापरता येईल असा अंदाज खरं तर आहे. खातं दर गुरुवारी पुढच्या काही आठवड्यांचा विस्तारित अंदाज देतं. त्यात मोठा खंड पडणार असेल तर बऱ्याचदा आधी चाहूल लागते. कोळपणी करून ओल धरायची की शेततळ्यातलं पाणी आत्ताच द्यायचं, एवढं ठरवायला तो पुरतो. त्याची कुठे ब्रेकिंग न्यूज होत नाही, कारण त्यात मथळ्याला लागणारा टक्का नसतो. भावाला मी आता तोच पाठवते, दोन ओळींत, आपल्या भाषेत. तो वाचतो. विश्वास ठेवतो की नाही माहीत नाही, पण गेल्या वर्षीपासून बाजरी परत आली आहे रानात.

आणि काल १०८ टक्क्यांच्या त्या पत्रकात ऑक्टोबरचंही आलंय. देशात सरासरीपेक्षा जास्त पाऊस होण्याची शक्यता. म्हणजे द्राक्षवाल्यांच्या ऑक्टोबर छाटणीच्या तोंडावर. दिंडोरीला माझ्या दिरांची बाग आहे, दुपारी त्यांचा फोन आला, "वहिनी, तुम्ही त्यातलं वाचता, आत्ता छाटू का थांबू?" मी म्हटलं, भाऊजी, हा देशाचा अंदाज आहे, तुमच्या बागेवर पडेलच असं कुणी सांगू शकत नाही, फक्त यंदा शक्यता नेहमीपेक्षा जास्त धरा. पोंग्यात, म्हणजे छाटणीनंतर कोंब फुटताना, पाऊस सापडला तर डाऊनी हा बुरशीचा रोग येणार, थांबलात तर माल उशिरा येऊन दराला मार. ते थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "असं करतो, वरचा प्लॉट दसरा झाला की छाटतो, खालचा दिवाळीनंतर. एक गेला तर दुसरा हाताशी राहील." औषधाचा खर्च दोनदा होईल म्हणून जाऊबाई मागून कुरकुरत होत्या, ते मला फोनवर स्पष्ट ऐकू येत होतं.