फिनेल मारलं म्हणजे खुराडं साफ झालं असं नसतंय

एक मेसेज सगळीकडं फिरायलाय: "महिन्यातून एकदा खुराड्यात फिनेल आणि ब्लिचिंग पावडर मारा, कोंबडीच्या अंगाला रॉकेल चोळा, खाली राख टाका, उवा गोचीड सगळं जातंय, आणि सोलापूरच्या उन्हात किडा तसाही जगत नाही." मोहोळजवळ आमच्याकडं ३० गावरान कोंबड्या आहेत म्हणून कळकळीनं लिहितोय, ह्यातलं राख सोडून बाकी सगळं चुकीचं आहे.

पहिलं फिनेल. ते जंतूंसाठी, आणि तेही शिट खरवडून काढल्यावर, नाहीतर त्याचा सगळा जोर घाणीतच जिरतो. लाल माइट, म्हणजे रक्त पिणारा बारीक किडा, तर दिवसा कोंबडीवर नसतोच, तो बसायच्या दांडीच्या फटीत, बाभळीच्या सालीखाली, गोणपाटाच्या घडीत लपतो आणि रात्री रक्त प्यायला निघतो. आमची खुडूक कोंबडी अंडी सोडून उठायला लागली, दोनदा फिनेल मारलं, काही फरक नाही, शेवटी रात्री बॅटरी घेऊन दांडीखालून पांढरा कागद फिरवला तर कागदावर रक्ताचे डाग! मग दांड्यांची साल सोलली, गोणपाट जाळलं, भिंतीच्या फटी बुजवून चुना मारला, आणि जनावरांच्या डॉक्टरांनी दिलेलं औषध कोंबड्या बाहेर काढून फटीफटीत फवारलं. ७-८ दिवसांनी परत फवारलं, कारण बहुतेक औषधांनी माइटची अंडी मरत नाहीत आणि गरमीत आठवड्याभरात नवी पिढी तयार होते. लोक नेमकी ही दुसरी फवारणी सोडतात.

उवांचं उलटं आहे, त्या कायम कोंबडीच्या अंगावरच, त्यामुळं खुराडं कितीही धुवा, त्या जात नाहीत, शेपटीखालची पिसं बाजूला करून लिखा बघा आणि इलाज कोंबडीवरच करा.

आता ऊन. अहो गोचीड ही उष्ण कोरड्या भागातलीच, आपल्यासारख्या! फटीत महिनोन् महिने उपाशी राहते. ऊन कामाला येतंय ते दांड्या आणि अंड्याच्या पेट्या बाहेर काढून वाळवल्या तरच.

ब्लिचिंग ओल्या शिटेवर टाकलं की त्यातल्या अमोनियाशी मिळून विषारी वायू होतो, बंद खुराड्यात तर अजिबात नको. रक्ती हगवणीच्या परजीवीची अंडी ब्लिचिंगनं मरतही नाहीत, फिनेलनंही नाही. उलट पाणी मारून धुतलं आणि संध्याकाळी ओल्यातच कोंबड्या कोंडल्या तर उबेत ओलाव्यात ती १-२ दिवसांत लागण करायला तयार होतात. आधी कोरडं खरवडा, धुतलं तर कडक वाळवा, मगच नवीन कोरडं तूस.

रॉकेल तर हात जोडून सांगतो, नका चोळू. कातडी भाजते, कोंबडी चोचीनं पिसं साफ करते तेव्हा ते पोटात जातंय.

राखेचं मात्र खरं आहे, चुलीची राख चाळून, विस्तव नाही बघून, कोरड्या मातीत मिसळून एका कोपऱ्यात पाटीभर ठेवा, कोंबड्या स्वतःच लोळून अंग झाडतेत.