‘सेसमी स्ट्रीट’च्या माथी मारलेला चित्रपट

घोडबंदर रस्त्यावरच्या आमच्या गृहसंकुलाच्या व्हॉट्सॲप समूहावर एक संदेश फिरतो आहे. ‘द हॅपीटाइम मर्डर्स’ हा बाहुल्यांचा अमेरिकी चित्रपट ‘सेसमी स्ट्रीट’ या लहान मुलांच्या अमेरिकी बाहुल्या-मालिकेवाल्यांनीच मुलांना नशेची गोडी लावण्यासाठी काढला आहे, बाहुल्या मुलांसाठीच असतात, म्हणून बाहुल्यांचे सगळे कार्यक्रम घरात बंद करा, असे त्यात म्हटले आहे. तो वाचून माझ्या वहिनींनी भाच्याने गणेशोत्सवासाठी मोज्यांपासून केलेल्या बाहुल्या माळ्यावर टाकल्या, म्हणून हे लिहिणे भाग पडले.

‘सेसमी स्ट्रीट’वाल्यांनीच काढला, हे विधान सर्वांत घातक आणि धडधडीत खोटे आहे. ती मालिका करणारी सेसमी वर्कशॉप ही संस्था मे २०१८ मध्ये याच चित्रपटाच्या जाहिरातीविरुद्ध न्यूयॉर्कमधील न्यायालयात गेली होती. ‘नो सेसमी, ऑल स्ट्रीट’ या जाहिरातवाक्यामुळे लोक हा चित्रपट आपलाच समजतील, अशी तिची तक्रार होती. हे वाक्य उलट संबंध नाकारणारे आहे, असे मानून न्यायालयाने जाहिरात थांबवली नाही. पण ज्या संस्थेने नाव जोडले जाऊ नये म्हणून दावा लावला, तिच्याच नावावर चित्रपट खपवणे हा निव्वळ अन्याय आहे. दिग्दर्शक ब्रायन हेन्सन हे ‘सेसमी स्ट्रीट’च्या बाहुल्या घडवणाऱ्या जिम हेन्सन यांचे पुत्र आहेत, एवढे खरे आहे आणि ते मान्य करावेच लागेल. तरीही मुलाच्या कामाचा दोष वडिलांनी घडवलेल्या बाहुल्यांवर येत नाही.

नशेचे म्हणाल, तर चित्रपटातल्या बाहुल्यांचे व्यसन साखरेचे आहे, आणि जुन्या दूरचित्रवाणी मालिकेतील कलाकारांच्या खुनांचा तपास करणारी ही गुन्हेकथा मुलांसाठी बनवलेलीच नव्हती. अमेरिकेत तिला ‘आर’ प्रमाणपत्र होते, म्हणजे सतरा वर्षांखालील मुलांना पालकांशिवाय प्रवेश नाही.

बाहुल्या मुलांसाठीच असतात, हे तर महाराष्ट्रात कोणी म्हणूच नये. कुडाळजवळच्या पिंगुळीचे ठाकर कलावंत कळसूत्री बाहुल्यांतून रामायण सांगत आले, ते साऱ्या गावासाठी. आणि १९९३ च्या ‘झपाटलेला’मध्ये रामदास पाध्ये यांच्या बाहुल्यात शिरलेला तात्या विंचू गुंडच होता, तो आपण थोरामोठ्यांसह पाहिला.

हा चित्रपट मुलांना दाखवू नये, यावर वहिनींशी माझा वाद नाही. भाच्याच्या बाहुल्या मात्र त्यांनी आजच खाली काढाव्यात, कारण त्याचा कार्यक्रम शनिवारच्या आरतीनंतर आहे आणि एका बाहुलीचे डोळे अजून शिवायचे राहिले आहेत.