आजी चुकली, खाडव्यांचं कॅलेंडर नाही

कोपरीच्या बाई, तुमची कमेंट काल रात्री ठाण्याहून ट्रेनमध्ये वाचली आणि ऐरोली यायच्या आत कळलं की आजीच्या वाक्यात मी चक्क माती खाल्लीय. गणिताच्या बाईंनी वही तपासली की असंच होणार म्हणा.

ज्यांनी ती कमेंट वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. माझ्या कथामालेतले खाडवे लोक ३० दिवसांचा एक चांद असे १३ चांद मोजतात, म्हणजे वर्ष ३९० दिवसांचं, पण त्यांच्या जगात ऋतूंचा फेरा ४०० दिवसांचा. बाईंचं म्हणणं, दर वर्षाला १० दिवस कमी पडतात तर 'पयलाव' हा पहिल्या पावसाचा सण सरकत सरकत भर उन्हात जाणार, मग चौथ्या भागातली आजी 'साठ वर्षांपूर्वीही पयलावाला असाच पाऊस होता' कसं म्हणते? शिवाय 'लावण्या' नावाच्या महिन्यात लावणीच होणार नसेल तर नावाला अर्थ काय, सरळ आपल्यासारखा अधिक महिना टाका. आणि शेवटी एक टोमणा, की हे आपलंच पंचांग आहे, नुसती नावं बदललीत.

आजीचं मान्य. साठाला दहाने गुणलं की ६००, त्यातले ४०० म्हणजे एक फेरा पूर्ण, उरले २००, म्हणजे पयलाव बरोब्बर उलट्या टोकाला. एक्सेलमध्ये सगळं मांडलं होतं हो मी, पण आजीचं वाक्य भावनेच्या भरात लिहिलं आणि चेक केलंच नाही.

अधिक महिना मात्र टाकणार नाही. टाकला तर गोष्टच संपते.

आपल्याकडे बारा चांद्रमास म्हणजे साधारण ३५४ दिवस, सूर्याच्या वर्षापेक्षा ११ कमी, म्हणून ३२-३३ महिन्यांनी अधिक मास येतो आणि दिवाळी दिवाळीच्याच हवेत राहते. हिजरी सनात असा महिना घालतच नाहीत, तिथे महिने सगळ्या ऋतूंतून फिरतात, आणि कोट्यवधी लोक ते शतकानुशतकं वापरतायत, त्यामुळे 'असं कॅलेंडर कोण वापरेल' हा प्रश्न निकालात निघाला असं मला वाटतं. नावांचंही तेच. त्यातल्या 'रबी' महिन्यांच्या नावाचा अर्थ वसंत, पण ते महिने थंडीतही येतात आणि पावसातही. आपला रब्बी हंगाम हा त्याच शब्दाचा भाऊ, तो मात्र शेताला धरून बसला म्हणून जागचा हलला नाही!

खरी गंमत साऱ्यात, म्हणजे शेतीवरच्या करात आहे. चंद्राची ३३ वर्षं म्हणजे सूर्याची जवळजवळ ३२, मग चांद्रवर्षाने सारा घेतला तर शेतकऱ्याने ३२ पिकांवर ३३ वेळा भरायचा. म्हणून अकबराच्या काळात पिकाला धरून फसली सन आला. आपल्या मराठी कागदपत्रांतला शुहूर सन बघा, आकडे अरबी, इहिदे, इसन्ने, सलास (एक, दोन, तीन) असे, पण वर्ष बदलायचं सूर्य मृगात आला की, म्हणून त्याला मृगसालही म्हणत. नाव कुठलंही असो, पेरणी सुटली नाही.

खाडव्यांकडे ही दुरुस्ती झालेलीच नाही. त्यांची ४० वर्षं म्हणजे १५,६०० दिवस, तेवढ्यात ऋतूंचे फेरे होतात ३९. म्हणजे पिकं ३९ आणि सारे ४०. हा चाळिसावा सारा तो वसूल करणारे गढीवाले गुपचूप खातात आणि कोणाला कळत नाही, कारण एका माणसाच्या आठवणीत तो एखाद-दुसऱ्यांदाच येतो. तुम्ही जी चूक म्हणून दाखवलीत ना बाई, ती सहाव्या भागात एक मीठवाली पोरगी दाखवणार आहे, गढीच्या दारात उभी राहून. (आता हे आधीच फोडायला लावलंत, असो.)

आणि मीठवालीच का, तर चंद्र तिला लागतो. शेतकऱ्याचं सूर्यावर भागतं, पण मिठागरात पाणी घ्यायचं तर अमावस्या-पौर्णिमेचं उधाण हवं, अष्टमीच्या भांगाला, म्हणजे छोट्या भरतीला, पाणी तेवढं चढतच नाही. हे मला पुस्तकातून नाही कळलं. आमच्या इथे दिवा कोळीवाड्याच्या जेट्टीवर एक मामा बसतात, त्यांना विचारलं भरती कधी, तर म्हणाले आज अष्टमी ना, आठाची पाऊणपट सहा, सहाला भरेल, इथे आत खाडीत जरा उशीर धर. एकादशी असेल तर सव्वाआठ. पौर्णिमेनंतर परत एकपासून मोजायचं. टेबल नाही, अ‍ॅप नाही! त्या दिवशी घरी येऊन पहिला भाग लिहायला घेतला, त्यामुळे पंचांगाची उचल आहे हा आरोप अर्धा कबूल, फक्त उचल पंचांगातून नाही, मामांकडून आहे.

एक गोष्ट तुम्ही सोडून दिलीत, ती मीच सांगतो. ३० आणि ४०० हे आकडे फार गुळगुळीत आहेत, खरा चंद्र साडेएकोणतीस दिवसांच्या किंचित वर जातो आणि त्या 'किंचित'नेच सगळ्या जगाच्या ज्योतिष्यांना कामाला लावलं. मी वाचकाला तोंडी हिशोब जमावा म्हणून सोपे आकडे घेतले, थोडा आळसही होता.

तर चौथा भाग आज दुरुस्त करतोय. आजी आता म्हणेल, 'मी दहा वर्षांची होते तेव्हा पयलावाला आगरात मिठाचे ढीग लागलेले, आम्ही पोरं त्यावर चढायचो.' आणि शेजारी बसलेला नातू पावसाकडे बघत तिला वेड्यात काढेल. त्याचं वाक्य अजून जमत नाहीये, सुचलं तर कळवा.